शंकर, एम. पी.

(१९३५–२००८). कन्नड चित्रपटांतील चरित्र अभिनेते, निर्माते व दिग्दर्शक, पूर्वाश्रमीचे पहिलवान. जन्म म्हैसूरचा. तेथे वडेयर राजांमुळे कुस्तीला राजाश्रय लाभला आणि दसऱ्याचे फड आजही भरतात. शंकर याच मातीत तयार झाले. दिग्दर्शक हुणसूर कृष्णमूर्तींच्या ‘रत्नमंजरी’ने (१९६२) ते पडद्यावर आले.

पिळदार अंगाच्या माणसाला चित्रपटात सहसा एकच काम मिळते, नायकाच्या हातून मार खाण्याचे. हिंदीत दारासिंग नायक झाले, पण तेही बहुतांशी मारधाडीच्या चित्रपटांचे. शंकर या चाकोरीतून सुटले ते कृष्णमूर्तींच्याच ‘सत्य हरिश्चंद्र’मुळे (१९६५). राजाला विकत घेणाऱ्या स्मशानाच्या धन्याची, वीरबाहूची भूमिका त्यांच्याकडे आली. फाळक्यांच्या काळापासून मराठी प्रेक्षकाच्या परिचयाच्या या कथेत हे पात्र एरवी राजाचे हाल वाढवण्यापुरते येते. इथे मात्र पार्श्वगायक घंटसाल यांच्या आवाजातील, कुळाच्या उच्चनीचतेची टर उडवणारे गाणे त्याच्या तोंडी आहे. कन्नड अभिनेते राजकुमार यांच्यासारखा नायक असूनही ते गाणे शंकर यांच्या नावावर राहिले.

‘भूतय्यन मग अय्यू’तील (१९७४) त्यांचा भूतय्या हा गावाला नकोसा झालेला लोभी सावकार. गोरूर रामस्वामी अय्यंगार यांच्या कथेवरील हा चित्रपट सिद्धलिंगय्या यांनी दिग्दर्शित केला. अंगाची ताकद इथे कामाची नाही. माणसे भितात ती त्याच्या हिशेबाला. पात्र लवकर मरते, तरी पुढचा सारा चित्रपट त्याच्याच सावलीत चालतो. शंकर यांचे सर्वांत पक्के काम हेच म्हणावे लागेल.

कन्नड चित्रपटनिर्मिती मद्रासहून हळूहळू बंगळूरुकडे सरकत होती, त्या काळात ते निर्मातेही झाले. जंगल हा त्यांचा आवडता विषय. त्यांच्याच ‘काडिन रहस्य’नंतर आलेल्या ‘गंधद गुडी’त (१९७३) राजकुमार वनाधिकारी झाले. सोबत विष्णुवर्धन होते, दिग्दर्शन विजय यांचे. वनरक्षण हा तेव्हा गल्ल्याचा विषय नव्हता. तरीही चित्रपट तुफान चालला. त्यातील कन्नड भाषेचे गौरवगीत आजही कर्नाटक राज्योत्सवाच्या समारंभांत ऐकू येते. धर्मेंद्र यांचा ‘कर्तव्य’ (१९७९) हे त्याचे हिंदी रूप. १९९४ मध्ये शंकर यांनी शिवराजकुमार यांना घेऊन दुसरा भाग काढला. पुनीत राजकुमार यांच्या कर्नाटकातील निसर्गावरच्या माहितीपटालाही (२०२२) ‘गंधद गुडी’ हेच नाव देण्यात आले.