बटवा भरला, पुढे काय?

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)



मी बँकेत तेहतीस वर्षं काढली, त्यातली बरीचशी रोखपालाच्या पिंजऱ्यात. संध्याकाळी रोकड जुळली की घरी जायचं, नाही जुळली तर जुळेपर्यंत बसायचं, हा आमचा शिरस्ता. अशा माणसाने व्हिडिओ गेमबद्दल बोलावं, याचं आपल्याला नवल वाटेल. पण मी त्या खेळांकडे ओढला गेलो तो एका न जुळलेल्या हिशेबामुळेच.

१९९९ सालची दिवाळी. माझी बहीण न्यू जर्सीहून आली होती आणि तिच्या बारा वर्षांच्या मुलाने आपलं खेळाचं यंत्र बरोबर आणलं होतं, निन्टेन्डो ६४. एकशे दहा व्होल्टचं ते यंत्र आमच्या विजेवर चालवायला आधी ट्रान्सफॉर्मर शोधावा लागला. मग टीव्ही लावला, तर चित्र काळं-पांढरं! अमेरिकेची रंगीत प्रक्षेपणाची पद्धत आमच्या जुन्या संचाला उमगेना. भाचा हिरमुसला. कारण त्या खेळात गवतात, मडक्यांत जे पैसे सापडतात ते रत्नांच्या रूपात असतात. हिरवं रत्न म्हणजे एक, निळं म्हणजे पाच, तांबडं म्हणजे वीस. आमच्याकडे सगळीच करडी. रत्न उचलल्यावर कोपऱ्यातला आकडा कितीने वाढला, त्यावरून ते कोणतं होतं हे ताडायचं. आकड्यांचं काम म्हटल्यावर मी खुर्ची पुढे ओढली.

थोड्या वेळाने त्याला एका पेटीत वीसचं रत्न मिळालं. शिल्लक होती ९६. आकडा ९९ वर गेला आणि थांबला.

"अरे, बाकीचे सतरा कुठे गेले?"

"गेले, मामा. पाकीट भरलं."

"गेले म्हणजे? कुठे जमा झाले?"

"कुठेच नाही. मोठं पाकीट मिळवायला हवं."

श्रोतेहो, रोखपालाला याहून मोठा धक्का नाही. त्या सतरा रुपयांचा माग काढता काढता मला या पाकिटाचा इतिहासच सापडला.

रुपये हा शब्द मी गमतीने वापरलेला नाही. त्या खेळातल्या चलनाचं नावच 'रुपी' आहे. जपानी भाषेत आपल्या रुपयाला जो शब्द आहे, तोच या रत्नांना. सोळाव्या शतकात शेरशाह सूरीने ज्या चांदीच्या नाण्याची घडी बसवून दिली, त्याचं नाव एका जपानी काल्पनिक राज्याच्या बाजारात खणखणतंय, याची मला मोठी मौज वाटली.

या मालिकेचं नाव 'द लीजंड ऑफ झेल्डा'. पहिला खेळ जपानमध्ये फेब्रुवारी १९८६ मध्ये आला. तो घडवणाऱ्यांत शिगेरु मियामोतो आणि ताकाशी तेझुका हे प्रमुख. त्यांची कंपनी निन्टेन्डो, क्योटो शहरात १८८९ साली पत्ते बनवण्यासाठी निघालेली. या पहिल्या खेळात नायकाजवळ जास्तीत जास्त २५५ रुपये मावत. अडीचशे नाही, तीनशे नाही, २५५. हा आकडा आला कुठून?

समजा, तुमच्याकडे आठ दिवे आहेत. पहिला पेटला तर एक मोजायचं, दुसरा पेटला तर दोन, तिसऱ्याला चार, चौथ्याला आठ, असं दुप्पट करत आठव्याला १२८. आठही दिवे पेटवा आणि बेरीज करा, २५५ येईल. संगणकाच्या स्मृतीतला असा आठ दिव्यांचा एक कप्पा म्हणजे एक बाइट. पैशांसाठी असा एकच कप्पा राखला होता, म्हणून बटवा २५५ चा. नाण्याला वजन नव्हतं की आकार नव्हता, तरी पिशवीला तळ होता आणि तो यंत्राने घालून दिला होता.

मात्र सगळा दोष यंत्राचा नव्हे. त्याच वर्षी, त्याच यंत्रावर 'ड्रॅगन क्वेस्ट' नावाचा खेळ आला. त्यात सोन्यासाठी दोन कप्पे वापरले होते, म्हणून तिथे ६५,५३५ पर्यंत मजल जाई. तिथे वेसण वेगळी होती : नायक लढाईत पडला की निम्मं सोनं गेलं. म्हणजे पैशाला आवर घालायचा हे दोघांनीही ठरवलं होतं. एकाने पिशवी लहान शिवली, दुसऱ्याने दंड ठेवला.

लहान पिशवीचे परिणाम पाहा. दुकानातली कोणतीच वस्तू २५५ पेक्षा महाग ठेवता येत नाही. एक निळी अंगठी मिळते, ती घातली की शत्रूचे घाव निम्मेच लागतात. तिची किंमत २५०. म्हणजे बटवा जवळजवळ काठोकाठ भरायचा आणि एका खरेदीत रिकामा करायचा. त्यातून बाण मारायचा तर दर बाणाला एक रुपया खर्च. आणि कुठे भिंत फोडून आत गेलात, तर आतला म्हातारा दाराच्या दुरुस्तीचे वीस रुपये वसूल करतो! आपल्याकडच्या एखाद्या घरमालकाची आठवण यावी असा. पैसा येतो, जातो, हातात फार काळ टिकत नाही. खेळणाऱ्याला सतत ठरवावं लागतं, हे कशासाठी जमवतोय?

१९९१ मध्ये नवं, अधिक ताकदीचं यंत्र आलेलं होतं. त्यावरच्या पुढच्या खेळात बटवा ९९९ चा झाला. आता हद्द ठरवली ती पडद्यावरच्या तीन आकड्यांनी. त्या खेळात एक तळं आहे. त्यात पैसे टाकत राहिलात, तर दर शंभर रुपयांमागे तुमची बाण किंवा बॉम्ब बाळगण्याची क्षमता वाढते. म्हणजे पैसा देऊन दुसऱ्या पिशव्या मोठ्या करून घ्यायच्या.

आणि मग १९९८ चा 'ओकॅरिना ऑफ टाइम', माझ्या भाच्याने आणला होता तो. आता यंत्र इतकं सुधारलेलं, की लाखांचे आकडे सांभाळणं त्याला कठीण नव्हतं. आणि नेमका इथे बटवा ९९ वर आला! बारा वर्षांपूर्वीच्या २५५ पेक्षाही लहान. आधी अडचण होती म्हणून हद्द होती. आता अडचण संपली, तरी हद्द मुद्दाम घातली. आणि ती ओलांडण्याची वाटही खेळातच ठेवली. पाकीट मोठं होणं हे बक्षीस झालं.

ते बक्षीस देणारं घर विलक्षण आहे. काकारिको नावाच्या गावात एक श्रीमंत कुटुंब राहतं. त्यांच्या हावरेपणामुळे त्यांना शाप लागलाय आणि बाप व मुलं कोळी होऊन छताला लोंबकळताहेत. जगभर पसरलेले शंभर सोनेरी कोळी मारत गेलं, की एकेक जण शापातून सुटतो. दहा मारले की मिळतं मोठ्या माणसाचं पाकीट, २०० रुपयांचं. तीस मारले की राक्षसी पाकीट, ५०० चं. हावेने शापलेल्या घराने आपल्याला मोठी थैली भेट द्यायची! गंमत इथे संपत नाही. शंभरच्या शंभर मारले की बाप सुटतो आणि २०० रुपयांचं रत्न देतो. पुन्हा गेलात, पुन्हा देतो. पण शंभर कोळी हुडकून काढेपर्यंत खेळणाऱ्याने घेण्यासारखं सगळं घेतलेलं असतं. पैशाला तोटा नाही, पैशाला कामही नाही.

त्याच खेळात जादूचं बी विकणारा एक माणूस आहे. पहिलं बी दहा रुपयांना, दुसरं वीसला, असं प्रत्येक खेपेला दहा वाढवतो. दहावं बी शंभरला. नव्याण्णवचं पाकीट असलेल्याला ते मिळूच शकत नाही, त्याने कितीही गवत कापलं तरी! कमाई कमी पडते असं नाही, पाकीट लहान पडतं. हे भाच्याने मला दाखवलं तेव्हा मी मनातल्या मनात त्या जपानी मंडळींना हात जोडले.

२००० सालच्या 'मेजोराज मास्क'मध्ये तर त्यांनी बँकच काढली. तिथे तीन दिवसांत चंद्र आदळून जग बुडणार असतं. नायक दर वेळी काळ मागे फिरवून पहिल्या दिवशी परततो, पण हातातली रोकड नाहीशी होते. बँकेत ठेवलेली तेवढी राहते, कारण बँकवाला ठेवीदाराच्या अंगावर खास शाईने शिक्का मारतो. २०० रुपये जमा झाले की बँकच मोठं पाकीट देते. ठेव ५,००० झाली की हृदयाचा तुकडा, म्हणजे आयुष्य वाढवणारी वस्तू. आम्ही ठेवीदारांना फार तर कॅलेंडर देत होतो.

पुढची वाटचाल थोडक्यात सांगतो. २००२ च्या खेळात पाकीट २०० वरून १,००० आणि मग ५,००० झालं. पाकीट वाढलं तशी बिलंही वाढली. एक इसम नकाशा वाचून द्यायचे ३९८ रुपये घेई आणि नकाशे होते आठ, म्हणजे ३,१८४ रुपये. खेळणारे कंटाळले. २०१३ च्या सुधारित आवृत्तीत हे आठ नकाशे तीनवर आणले गेले. २००६ मध्ये माझी जुनी तक्रार दूर झाली : पाकीट भरलेलं असताना पेटी उघडली तर नायक रक्कम परत पेटीत ठेवून देतो. हिशेब जुळला! २०११ च्या खेळात ३०० पासून सुरुवात करून सगळ्या थैल्या मिळवल्या तर ९,९०० पर्यंत जाता येतं.

आणि २०१७ च्या 'ब्रेथ ऑफ द वाइल्ड'मध्ये ९,९९,९९९. आता पाकीट मोठं करण्याची भानगडच नाही. पण एक युक्ती केलेली दिसते. पूर्वी शत्रू मारला की पैसे पडत, इथे सहसा पडत नाहीत. डोंगर फोडून खडे काढा, ते विका, तेव्हा पैसे मिळतील. हद्द खिशातून निघून हातांच्या कष्टांत गेली. हद्द पूर्ण काढून टाकणं त्यांनाही परवडलं नाही.

पिंजऱ्यात बसून मी जे पाहिलं, ते मला या बटव्यांमुळे नीट कळलं. आमच्या शाखेत एक निवृत्त गृहस्थ येत. दर तीन महिन्यांनी व्याज घ्यायचे आणि त्याची पुन्हा ठेव करायचे. डोळ्यांत मोतीबिंदू वाढत चालला होता. सही कुठे करायची ते मला बोट ठेवून दाखवावं लागे. "काका, ऑपरेशन करून घ्या ना," मी म्हणालो. "एवढी रक्कम पुरी होऊ दे," ते म्हणाले. रक्कम पुरी झाली, की ते पुढची रक्कम ठरवत. त्यांच्या थैलीला तळच नव्हता, म्हणून ती कधी भरलीच नाही. शेवटी ठेवीच्या पावत्या घेऊन त्यांचा मुलगा आला, वारसाच्या अर्जासह.

माझ्या आईचा बटवा खणाचा होता, मूठभर. नाण्यांनी तो फुगला की ती म्हणायची, "चला, आता काहीतरी आणू." एवढाच तिचा अर्थव्यवहार.

भाचा आता चाळिशीजवळ आला आहे. त्याच्या खिशात पाकीट नसतं, फोन असतो. गेल्या वेळी आला तेव्हा मी त्याला विचारलं, "ते सतरा रुपये आठवतात का रे?" तो हसला. म्हणाला, "मामा, तेव्हा पाकीट भरलेलं कळायचं तरी."