माहीत असून माहीत नसणारी माणसं

झोपलेल्याला जागं करता येतं, पण झोपेचं सोंग घेतलेल्याला नाही. समोरचा पुरावा मानेना, की आपण हे वाक्य टाकून मोकळे होतो. मीही अनेकदा टाकलंय. पण स्टॅन्ली कोहेन या समाजशास्त्रज्ञाचं काम वाचल्यापासून ते टाकताना जीभ अडखळते. समोर ढळढळीत पुरावा असताना माणसं तो का नाकारतात, या प्रश्नावर त्यांनी अनेक वर्षं काम केलं. त्यांना सापडलेलं उत्तर झोप आणि सोंग यांच्या मधलं कुठलं तरी आहे.

कोहेन यांचा जन्म १९४२चा, दक्षिण आफ्रिकेतल्या जोहान्सबर्गचा, मध्यमवर्गीय ज्यू घरातला. ते बारा-तेरा वर्षांचे असतानाची एक आठवण त्यांनी लिहून ठेवली आहे. वडील कामानिमित्त बाहेरगावी गेलेले, म्हणून रात्रीच्या राखणीला एक वयस्कर झुलू माणूस ठेवला होता. थंडीची रात्र. पोराने खिडकीतून पाहिलं, तर तो म्हातारा बाहेर निखाऱ्यांवर हात शेकत बसलेला. आणि आपण उबदार अंथरुणात. हे असं का? वर्णभेदाचे दिवस होते. असे राखणदार ठेवणं ही त्या घरांमधली नेहमीची गोष्ट होती. कुणी काही लपवलेलं नव्हतं. सगळ्यांना सगळं दिसत होतं.

१९६३ साली ते लंडनला आले. सामाजिक कार्यकर्ता म्हणून नोकरी केली, मग संशोधनाकडे वळले. १९६४च्या ईस्टरच्या सुट्टीत इंग्लंडच्या क्लॅक्टन या समुद्रकाठच्या गावात तरुणांच्या टोळक्यांची थोडीफार धुमश्चक्री झाली. मोडतोड किरकोळ होती, पण वर्तमानपत्रांनी तिचं जणू युद्ध केलं. लोक घाबरले, कडक शिक्षांची मागणी झाली. हे सगळं कसं घडतं, यावरचं कोहेन यांचं पुस्तक १९७२ साली आलं आणि 'मॉरल पॅनिक', म्हणजे नैतिक घबराट, ही संकल्पना त्यामुळे घरोघर पोचली. इथे पुरावा चिमूटभर आणि खळबळ पोतंभर, असा प्रकार होता. पुढे त्यांना नेमकं उलटं चित्र पाहायला मिळालं.

१९८० साली कोहेन कुटुंबासह इस्रायलला गेले आणि जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठात शिकवू लागले. १९८७ साली तिथल्या एका सरकारी आयोगाने चौकशीच्या वेळी 'मध्यम शारीरिक दबाव' वापरायला हरकत नाही, असं ठरवलं. त्याच वर्षाच्या शेवटी पॅलेस्टिनी उठाव सुरू झाला. चौकशीच्या कोठड्यांमध्ये काय चालतं, हे कोहेन आणि डाफ्ना गोलान यांनी तिथून आलेल्या पॅलेस्टिनींच्या मुलाखती घेऊन मांडलं. बत्सेलेम या इस्रायली मानवी हक्क संघटनेने तो अहवाल १९९१ साली प्रसिद्ध केला. मारहाण, झोपू न देणं, तासन्‌तास बांधून ठेवणं, सगळं त्यात होतं.

आता देश हादरेल, असं आपल्याला वाटेल. तसं झालं नाही. काही म्हणाले, असं काही घडतच नाही. काही म्हणाले, ही संघटनाच पक्षपाती आहे. काही म्हणाले, घडतं, पण त्याला छळ म्हणू नका. आणि काही म्हणाले, घडतं ते योग्यच आहे. हे सगळं एकाच अहवालावर. पण कोहेन यांना जास्त लागलं ते उदारमतवादी मंडळींचं वागणं. त्यांनी अहवाल खोटा म्हटला नाही. ती अस्वस्थ झाली आणि हळूहळू सवय करून घेतली.

या उत्तरांची चाल कोहेन यांच्या ओळखीची होती. १९५७ साली साइक्स आणि माट्झा या दोन अमेरिकी अभ्यासकांनी गुन्हेगारीकडे वळलेली पोरं स्वतःचं समर्थन कसं करतात, याची यादी केली होती. माझा नाइलाज होता. कुणाचं फारसं नुकसान झालं नाही. त्याची लायकीच ती होती. बोलणारे कोण लागून गेले. मी माझ्या माणसांसाठी केलं. कोहेन यांच्या लक्षात आलं, की सरकारंही हेच बोलतात. फक्त भाषा कायद्याची असते.

१९९६ साली ते लंडनला परतले आणि २००१ साली त्यांचं 'स्टेट्स ऑफ डिनायल' आलं. त्यात त्यांनी नकाराचे तीन प्रकार सांगितले. पहिला: घडलंच नाही. दुसरा: घडलं, पण तुम्ही म्हणता ते हे नव्हे. तिसरा: घडलं, तुम्ही म्हणता तसंच घडलं, पण मग मी काय करू? तिसऱ्या प्रकारात पुरावा पूर्ण मान्य असतो. म्हणून आणखी पुरावा देऊन तिथे काहीच हलत नाही.

दुसऱ्या प्रकाराचं उदाहरण आपल्याकडे आहे. २०२१ साली संसदेत सांगण्यात आलं, की हाताने मैला साफ करण्यामुळे देशात एकही मृत्यू झाल्याची नोंद नाही. गटारं आणि सेप्टिक टँक साफ करताना माणसं मेली होती, त्यांचे आकडेही सरकारकडे होते. पण २०१३च्या कायद्यात त्या कामाची व्याख्या वेगळी आहे. त्यामुळे मृत्यू गेले एका रकान्यात आणि उत्तर आलं दुसऱ्या रकान्यातून. वाक्य कागदोपत्री खोटं नव्हतं.

मग पुरावा गोळा करणं फुकट आहे का? कोहेन तसं म्हणत नाहीत. कळणं आणि कबूल करणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, असं ते म्हणतात. कबुलीसाठी अशी जागा लागते, जिथे उत्तर देणं भाग पडतं. १९९९ साली इस्रायलच्या सर्वोच्च न्यायालयाने चौकशीतल्या त्या पद्धतींपैकी अनेक बेकायदा ठरवल्या. तक्रारी त्यानंतरही थांबल्या नाहीत, पण 'असं काही नाहीच' हे म्हणणं अवघड झालं. दक्षिण आफ्रिकेतही १९९६पासून सत्य आयोगापुढे जाहीर सुनावण्या झाल्या. सगळ्यांना माहीत असलेलं तिथे पहिल्यांदा नोंदीवर आलं.

कोहेन जानेवारी २०१३मध्ये गेले. आता वादात मी सोंगाचं वाक्य सहसा टाकत नाही. समोरचा तिन्हींपैकी कुठल्या पायरीवर उभा आहे, ते आधी पाहतो. मी स्वतः बहुतेक वेळा तिसरीवर असतो. गटारात उतरलेला माणूस गुदमरून गेल्याची बातमी मी वाचतो, ती खरी आहे हे मला माहीत असतं, आणि बोट स्क्रीनवर पुढे सरकतं.