व्हेनिसची पुतळी, गिरगावची माळ

गुढीपाडव्याच्या सकाळी गिरगावातून शोभायात्रा निघते. नऊवारी, नाकात नथ, गळ्यात ठुशी, मोहनमाळ, पुतळीहार. अस्सल मराठी साज म्हणून आपण कौतुकाने पाहतो आणि ते योग्यच आहे. यातल्या पुतळीची हकीकत मात्र फार लांबून, इटलीतल्या व्हेनिस शहरातून सुरू होते.

पुतळी हा मुळात दागिना नव्हे, ते नाणे. व्हेनिसच्या टांकसाळीत १२८४ साली सोन्याचे डुकाट पाडायला सुरुवात झाली. वजन सुमारे साडेतीन ग्रॅम, आणि सोने त्या काळात जितके शुद्ध करता येई तितके शुद्ध. एका बाजूला संत मार्क उभे आहेत आणि त्यांच्यापुढे गुडघे टेकून व्हेनिसचा सत्ताधीश, म्हणजे डोज, त्यांच्याकडून ध्वज स्वीकारतो आहे. दुसऱ्या बाजूला ताऱ्यांच्या लंबगोलात येशू ख्रिस्त. १७९७ साली नेपोलियनने ते प्रजासत्ताक बुडवले. तोवर पाचशे वर्षे डोजचे नाव बदलत गेले, पण चित्र, वजन आणि कस जवळजवळ तसेच राहिले. म्हणूनच हे नाणे डोळे मिटून घ्यावे असे झाले.

ते आपल्याकडे आले मिरी-मसाल्यांच्या वाटेने. व्हेनिसचे व्यापारी अलेक्झांड्रियाच्या बाजारात मसाला घेत आणि मोल सोन्यात मोजत. तेच सोने तांबड्या समुद्रातून आपल्या पश्चिम किनाऱ्यावर उतरे. १८८२ च्या सुमारास भडोचला नाण्यांचा एक साठा सापडला. त्यात इजिप्तच्या मामलुक सुलतानांच्या नाण्यांबरोबर व्हेनिसची नाणीही होती.

मी शब्दांचा माणूस. मला नाण्यापेक्षा त्याच्या नावांची गंमत अधिक वाटते. मुसलमानी नाण्यांवर सहसा अक्षरेच असत. त्यामुळे या चित्रांच्या नाण्याला कैरोच्या बाजारात ‘मुशख्खस’ म्हणत. ज्यावर ‘शख्स’ आहे, आकृती आहे, ते. आपल्या माणसांनी तेच नाणे हातात घेतले, त्यावरच्या बाहुल्या पाहिल्या आणि म्हटले, ‘पुतळी’. दोघांनी एकमेकांना न विचारता एकच नाव ठेवले! दक्षिणेत ध्वजाचा दांडा लोकांना ताडाचे झाड वाटला, आणि नाणे झाले ‘शाणार काशु’, ताडी काढणाऱ्या शाणाराचा पैसा. इजिप्तचा सुलतान अल-अश्रफ बार्सबाय याने १४२५ मध्ये डुकाटच्या तोडीचे नाणे काढले. त्याच्या किताबावरून ‘अशर्फी’ हा शब्द आला. आणि सभासदाच्या बखरीत शिवाजी महाराजांच्या खजिन्याची जी यादी आहे, तीत मोहरा आणि होनांच्या सोबत पुतळ्याही आहेत.

नाणे गळ्यात का गेले? रोमन लोकही सोन्याची नाणी दागिन्यात बसवत, पण बहुधा तसबिरीसारखी, चौकट करून. बादशहाचा मुखवटा मिरवायचा असे. आपल्या बायकांनी हिशेब वेगळा केला. नक्षीचा दागिना मोडायला नेला की सोनार घट धरतो, मजुरी बुडते. पुतळीत तो घोर नाही. अडीनडीला माळेतली एक पुतळी काढावी, उरलेली माळ पुन्हा ओवून घ्यावी. स्त्रीधन असे सुटे सुटे, हाताशी राहते. १९८२ चा गिरणी संप सुरू झाल्यावर परळ-लालबागच्या किती घरांतले डाग गहाण पडले, हे ज्यांनी पाहिले त्यांना हा हिशेब वेगळा समजवायला नको.

हळूहळू व्हेनिसची नाणी मिळेनाशी झाली, पण माळेची हौस राहिली. सोनारांनी स्वतःचे ठसे केले. ठशावरून ठसा निघत गेला तशी लॅटिन अक्षरे नुसत्या रेघोट्या झाल्या. संत आणि डोज पुसट झाले. कुणाला त्यांत राम-सीता दिसले, पुढे तिथे लक्ष्मी येऊन बसली. ही माळ रेशमात ओवण्याचे काम पटव्यांचे. पटवेगार हे आडनाव आजही मराठी मुसलमानांत सापडते. ख्रिस्ती संताचे नाणे, मुसलमान पटवेगाराचा रेशमी गोफ आणि हिंदू नवरीचा गळा. यात कुणाला काही वावगे वाटले नाही.

‘तुम्ही मुसलमान, मग मराठी इतके चांगले कसे?’ हा प्रश्न मला पन्नाशी उलटली तरी विचारला जातो. विचारणाऱ्याच्या मनात वाईट काही नसते. पण ज्या पुतळीला आपण अस्सल म्हणतो, तिला हा प्रश्न कुणी विचारला नाही. चार-पाच पिढ्या अंगावर वागवली, आणि ती आपली झाली. अस्सल होण्याची दुसरी रीत मला तरी ठाऊक नाही.

आज दादरच्या बाजारात एक ग्रॅम सोन्याच्या मुलाम्याचे पुतळीहार मिळतात. सणावारी ते खुशाल घालावेत. मात्र आजीच्या डब्यात एखादी जुनी, झिजलेली पुतळी असेल, तर मोडायला देण्यापूर्वी भिंगाखाली धरून पाहा. एक उभा, एक गुडघ्यावर आणि मध्ये दांडा असे दिसले, तर ती ठेवून द्या. मुशीत घातली तर सोने तेवढे परत मिळेल.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)