गोगोलला कृष्णाकाठी यायला उशीर का झाला

निकोलाय गोगोलचं ‘इन्स्पेक्टर जनरल’ 1836 साली पीटर्सबर्गच्या रंगमंचावर आलं. आर्थर साइक्सनं केलेलं त्याचं इंग्रजी भाषांतर लंडनमध्ये छापलं गेलं 1892 साली, आणि पु. ल. देशपांडे यांनी त्यावरून बेतलेलं ‘अंमलदार’ मराठीत आलं 1952 साली. पीटर्सबर्गहून लंडन गाठायला 56 वर्षं लागली, आणि तिथून मराठीत उतरायला आणखी 60. एवढ्या अवधीत शेक्सपिअर मात्र सातारा-सांगलीकडच्या माणसांच्या हातून मराठी झाला, गावोगाव गाजला आणि जुनाही झाला. रशियन नाटकात काही कमी होतं म्हणून हे घडलं नाही. कारण शोधायचं तर ते इंग्रजीच्या वर्गात शोधावं लागतं.

आज टेंभू म्हटलं की उपसा सिंचन योजना आठवते. कऱ्हाडजवळच्या या गावात 1856 साली गोपाळ गणेश आगरकर जन्मले. कोल्हापूरच्या बदनामी खटल्यात 1882 साली त्यांना आणि टिळकांना डोंगरीच्या तुरुंगात 101 दिवस काढावे लागले. त्या तुरुंगवासात ‘हॅम्लेट’चं मराठी रूप आकाराला आलं आणि पुढच्या वर्षी ‘विकारविलसित’ या नावानं छापून निघालं. पुस्तकाचं नाव जड आणि भाषाही काही ठिकाणी जडच, पण नाटक मंडळीच्या हाती पडल्यावर त्याची चाल बदलली. ही मंडळी शाहूनगरवासी, आणि शाहूनगर म्हणजे सातारा. गणपतराव जोशी या नटानं तिच्या रंगमंचावर चंद्रसेन, म्हणजे हॅम्लेट, असा काही उभा केला की ज्यांनी इंग्रजीचं अक्षर वाचलं नव्हतं त्यांनाही डेन्मार्कच्या राजपुत्राची घालमेल कळली. फर्ग्युसनचे प्राध्यापक वासुदेव बाळकृष्ण केळकर यांची शेक्सपिअरवरूनच बेतलेली ‘त्राटिका’ही याच मंडळीनं गाजवली.

सांगलीला तर नाटकाचं वेड त्याआधीपासूनचं. विष्णुदास भाव्यांनी 1843 साली सांगली संस्थानच्या अधिपतींपुढे ‘सीतास्वयंवर’ केलं, ते पुराणातलं कथानक घेऊन. पुढची पिढी इंग्रजी शाळेत शिकली आणि तिच्या हाती दुसरंच भांडार लागलं. त्या पिढीत सगळ्यांत धीट निघाले गोविंद बल्लाळ देवल. सांगलीपासून चार पावलांवर, कृष्णा-वारणेच्या संगमावर असलेल्या हरिपूरचे. साहेबाकडून आलेलं नाटक किती निर्धास्तपणे आपलं करता येतं, हे पाहायचं तर देवल वाचावेत. ‘ऑथेल्लो’चा त्यांनी 1890 साली ‘झुंझारराव’ केला, इयागोचा जाधवराव केला. आणि 1893 साली ‘फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा’ लिहिलं.

या घोटाळ्याची वंशावळ तपासण्याजोगी आहे. मोलिएरनं 1660 साली पॅरिसमध्ये ‘स्गानारेल’ हे छोटं प्रहसन केलं. त्यावरून आर्थर मर्फीनं 1761 साली ‘ऑल इन द राँग’ हे पाच अंकी इंग्रजी नाटक रचलं. देवलांनी मर्फीला हाताशी घेतलं. म्हणजे फ्रेंच नाटक इंग्रजीच्या ओसरीवरून हरिपूरला आलं. प्रियकराची तसबीर हातात असताना तरुणीला घेरी येते, रस्त्यातला एक गृहस्थ तिला सावरायला धावतो, त्याची बायको हे बघते आणि मनात नको ते धरते. पडलेली तसबीर ती उचलते, मग ती तिच्या हातात बघून नवऱ्याचं डोकं फिरतं. एवढ्याशा यंत्रावर सगळं नाटक चालतं. देवलांनी ते फाल्गुनराव, कृत्तिका, आश्विनशेट, रेवती, भादव्या अशा पंचांगातून उचललेल्या माणसांच्या हाती दिलं. त्यालाच पुढं पदांची जोड मिळून ‘संशयकल्लोळ’ झालं. 1916 साली देवल गेले आणि त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळीनं ते रंगमंचावर आणलं. रेवती अर्थातच बालगंधर्व. प्रेक्षागृहात बसलेल्या कितीजणांना पॅरिसचा पत्ता लागला असेल? लागायची गरजही नव्हती.

सांगलीत जन्मलेले कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर आणखी वेगळ्या वाटेनं गेले. ‘सवाई माधवराव यांचा मृत्यू’मध्ये त्यांनी हॅम्लेटचं हळवं मन पेशव्याला दिलं आणि इयागोची कारस्थानं केशवशास्त्र्याला. भाषांतर नाही, रूपांतर नाही. वाचलेलं पचवून लिहिलेलं मराठी नाटक.

आगरकर, केळकर, देवल, खाडिलकर: या सगळ्यांची वाट शाळा-कॉलेजातल्या इंग्रजीतून गेली. मुंबई विद्यापीठाच्या वर्गात शेक्सपिअर होता, म्हणून मराठी रंगमंचावर शेक्सपिअर आला. रशियन नाटक त्या वर्गात नव्हतं आणि असणारही कसं? खुद्द इंग्रजांनाच ते उशिरा सापडलं. चेखॉव्हची दोन नाटकं जॉर्ज कॅल्डेरॉननं इंग्रजीत पुस्तकरूपानं आणली ती 1912 साली, आणि कॉन्स्टन्स गार्नेटचे खंड 1923 साली. तोवर देवल गेलेले, आणि खाडिलकर ‘मानापमान’, ‘स्वयंवर’ लिहून मोकळे झालेले. स्तानिस्लाव्हस्कीचं अभिनयावरचं पुस्तकही इंग्रजीत यायला 1936 उजाडलं. के. नारायण काळे यांनी ते ‘अभिनयसाधना’ म्हणून मराठीत आणलं, तेव्हा मराठी नटाला मॉस्कोची तालीम प्रथमच आपल्या भाषेत वाचता आली.

आगरकर ज्या डेक्कन एज्युकेशन सोसायटीच्या संस्थापकांपैकी एक, तिनं 1919 साली सांगलीला विलिंग्डन कॉलेज काढलं. सांगली आणि मिरज यांच्यामध्ये, विश्रामबागेत. पु. ल. देशपांड्यांच्या शिक्षणाचा काही भाग संस्थेच्या फर्ग्युसनमध्ये झाला आणि काही या विलिंग्डनमध्ये. पुलंना गोगोल कुठल्या परीक्षेसाठी वाचायचा नव्हता. तो रंगमंचावर उभा राहू शकेल, हे ओळखणाऱ्या माणसाचं हे वाचन होतं.

‘अंमलदार’चं साल लक्षात घेण्याजोगं आहे. सांगली, मिरज, जमखिंडी, कुरुंदवाड ही पटवर्धनी संस्थानं 1948 साली विलीन झाली. पुढच्या वर्षी त्यांतला काही मुलूख आणि साताऱ्याचे काही तालुके मिळून दक्षिण सातारा जिल्हा झाला. सांगली हे जिल्ह्याचं नाव 1960 सालचं. वरिष्ठ साहेब तपासणीला येणार म्हटल्यावर दरबारात काय धावपळ उडते, हे ठाऊक असलेली माणसं 1952 साली नाटक बघायला येत होती. गोगोलच्या आडगावात नेमकं तेच चालतं. पीटर्सबर्गहून अधिकारी गुपचूप येतोय अशी कुणकुण लागते. नगरप्रमुख इस्पितळवाल्याला बजावतो, रोग्यांना स्वच्छ टोप्या घाला. न्यायाधीशाला सांगतो, कोर्टाच्या देवडीवर पहारेकऱ्यांनी पाळलेले हंस हलवा. खाणावळीचं बिल थकवून बसलेला एक फुकट्या कारकून त्यांना साहेब वाटतो आणि जो तो त्याला ‘उसने’ पैसे देतो. तो पसार झाल्यावर पोस्टमास्तर त्याचं पत्र फोडून सगळ्यांदेखत वाचतो. त्यात एकेकाची टवाळी! ज्याची पाळी येते तो ओरडतो, बाकीचे मनात हसतात. एवढ्यात खरा अधिकारी आल्याची वर्दी येते. यातलं काय मराठी माणसाला समजावून सांगावं लागलं असतं?

याच मुलखातून रशियाकडे जाणारी आणखी एक वाट होती, आणि तिला इंग्रजीच्या वर्गाचं कुंपण आडवं आलं नाही. वाळवा तालुक्यातल्या वाटेगावचे अण्णा भाऊ साठे 1920 साली जन्मले, तेव्हा ते गाव सातारा जिल्ह्यात होतं. त्यांची शाळा दीड दिवसाची. मुंबईच्या गिरणगावात कम्युनिस्ट पक्षाशी गाठ पडली आणि गॉर्की त्यांना भेटला तो चळवळीतून. त्यांनी स्टालिनग्राडचा पोवाडा रचला. 1944 साली अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथक उभं केलं. तमाशाचा बाज घेऊन कामगारांपुढं लोकनाट्यं केली. 1961 साली ते स्वतः रशियाला जाऊन आले आणि ‘माझा रशियाचा प्रवास’ लिहिला. रशियन नाटक भाषांतरित करण्याच्या भानगडीत ते पडले नाहीत. गण-गवळणीची जुनी चौकट मोडून कामगाराला मध्यभागी उभं करणं, हे त्यांनी त्या दिशेकडून घेतलं. विद्वानांनी इंग्रजीतून आणलेल्या कित्येक रूपांतरांपेक्षा हे घेणं जास्त खोल गेलं, असं म्हणायला हरकत नाही.

पुढं मॉस्कोच्या प्रकाशनगृहांनी इंग्रजी पुस्तकांचा रतीबच घातला. कापडी बांधणी, जाड कागद आणि विद्यार्थ्याच्या खिशाला झेपेल अशी किंमत. गॉर्कीची पाच नाटकं मार्गारेट वेटलिनच्या इंग्रजीत एका खंडात मिळू लागली. आता रशियन नाटक वाचायला लंडनची मेहेरबानी लागत नव्हती, इंग्रजी मात्र लागत होतंच. 1991 साली सोव्हिएत संघ मोडला आणि हा रतीब बंद पडला.

त्यानंतर तीन वर्षांनी पुलंनी पुन्हा एक रशियन नाटक मराठीत दिलं: व्लादलेन दोझोर्त्सेवचं, इंग्रजीत ‘द लास्ट अपॉइंटमेंट’ नावानं आलेलं. मराठी नाव ‘एक झुंज वाऱ्याशी’. एक सामान्य माणूस मंत्र्याला भेटायला येतो आणि शांतपणे त्याचा राजीनामा मागतो. यात तोतया कुणी नाही. मंत्री खरा, खुर्ची खरी आणि समोरचा माणूस कशालाच भीत नाही.