षटकोनी चिती: मधाचं पोळं, नट-बोल्ट आणि मोबाईल टॉवर, सगळीकडे सहाच बाजू का?

माझा मामेभाऊ तुमसरला नववीत आहे. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी त्याने 'षटकोन' हा विषय घेतला आणि मला एक रील पाठवली. रीलमधला माणूस छातीठोकपणे सांगत होता की षटकोन हा जगातला सर्वात मजबूत आकार आहे, म्हणून मधमाश्या, नट-बोल्ट आणि मोबाईल टॉवर सगळे तोच वापरतात आणि मध्ये जराही जागा सुटत नाही. खाली भावाचा प्रश्न: "दादा, जागा सुटतच नाही, तर मग आजीच्या घरात रेंज का येत नाही?"

आजीचं गाव कोका अभयारण्याच्या बाजूला आहे. तिथे ओटीपी यायची वेळ झाली की फोन घेऊन अंगणाच्या कोपऱ्यात जावं लागतं. प्रश्न एकदम बरोबर होता आणि रील बरीचशी चूक. म्हणून हा लेख.

षटकोनी चिती म्हणजे काय?

सहा बाजूंची एक सपाट आकृती घ्या आणि ती सरळ वर उचलत न्या. मध्ये जो घनाकार तयार होतो ती षटकोनी चिती. न तासलेली सहा बाजूंची पेन्सिल हे तिचं सगळ्यात सोपं उदाहरण. इंग्रजीत चिती आणि लोलक दोघांनाही 'प्रिझम'च म्हणतात, त्यामुळे गोंधळ होतो. मराठीत प्रकाशाचे सात रंग दाखवणारी काच म्हणजे लोलक, आणि भूमितीतला घनाकार म्हणजे चिती. पाया गोल असेल तर वृत्तचिती, विटेसारखा असेल तर इष्टिकाचिती, आणि टोक वर एका बिंदूत मिळत असेल तर ती चिती नव्हे, सूची.

षटकोनी चितीला ८ पृष्ठं असतात (वर-खाली २ षटकोन आणि बाजूंना ६ आयत), १२ शिरोबिंदू आणि १८ कडा. ऑयलरचं सूत्र लावून बघा: पृष्ठं + शिरोबिंदू = कडा + २. म्हणजे ८ + १२ = १८ + २. जुळतं.

पाया सुसम असेल, म्हणजे सहाही बाजू आणि सहाही कोन सारखे असतील, तर:

- पायाचं क्षेत्रफळ = २.५९८ × बाजू × बाजू
- घनफळ = पायाचं क्षेत्रफळ × उंची
- एकूण पृष्ठफळ = (६ × बाजू × उंची) + (२ × पायाचं क्षेत्रफळ)

बाजू ५ सेमी आणि उंची १२ सेमी असेल तर घनफळ सुमारे ७८० घन सेमी, म्हणजे पाऊण लिटरपेक्षा थोडं जास्त. पृष्ठफळ सुमारे ४९० चौ. सेमी.

एकटा असेल तर गोल, गर्दीत असेल तर षटकोन

समजा १०० चौ. सेमी जागेला कुंपण घालायचं आहे. कुंपण किती लागेल?

- त्रिकोण: ४५.६ सेमी
- चौरस: ४० सेमी
- षटकोन: ३७.२ सेमी
- वर्तुळ: ३५.४ सेमी

म्हणजे जिंकलं वर्तुळ, षटकोन नाही. भंडारा पितळेच्या भांड्यांसाठी ओळखला जातो. ती गुंडं, पराती, गंज आठवा. सगळी गोल. एकेकटं भांडं करायचं तर कमी पत्र्यात जास्त माल मावणारा आकार गोलच.

पण गोल भांडी एकमेकांना चिकटवून ठेवली की मध्ये फटी राहतात. फटी नकोत अशी अट घातली की वर्तुळ बाद होतं. एकाच मापाच्या सुसम आकृत्यांनी फरशी पूर्ण भरायची असेल तर पर्याय तीनच उरतात: त्रिकोण, चौरस आणि षटकोन. सुसम पंचकोनाचा कोन १०८ अंशांचा, त्याने ३६० पूर्ण होत नाहीत. षटकोनाचा १२० अंशांचा, तीन मिळून बरोबर ३६०. आणि या तिघांत सर्वात कमी कुंपण षटकोनाला लागतं, चौरसापेक्षा सुमारे ७ टक्के कमी.

हीच या लेखाची किल्ली आहे. षटकोन हे एका ठरावीक प्रश्नाचं उत्तर आहे. प्रश्न बदलला की उत्तरही बदलतं. म्हणून कुठेही षटकोन दिसला की आधी विचारायचं: इथे नेमकं काय वाचवायचं आहे?

मधाचं पोळं: इथे मेण वाचतं

कोका किंवा नागझिऱ्याच्या जंगलात उंच फांदीला लटकलेलं आग्या मोहोळ तुम्ही लांबून पाहिलं असेल. (लांबूनच बघा.) या माश्या एकच मोठं पोळं बांधतात. त्यात दोन्ही बाजूंनी षटकोनी चितींचे थर पाठीला पाठ लावून असतात. मेण माशीच्या अंगातून तयार होतं आणि त्यासाठी तिला मध खावा लागतो. मेण वाचलं की मध वाचला. शिवाय प्रत्येक भिंत दोन खोल्यांना सामाईक.

सारख्या क्षेत्रफळाचे कप्पे करायचे तर षटकोनी जाळीलाच सर्वात कमी भिंत लागते, असा अंदाज रोमन लेखक वॅरो याने दोन हजार वर्षांपूर्वी मांडला होता. पूर्ण गणिती सिद्धता मात्र १९९९ साली थॉमस हेल्स यांनी दिली.

आता गंमत. पोळ्यातल्या खोलीचा तळ सपाट नसतो, तो तीन समभुज चौकोनांनी बनलेला असतो. १९६४ मध्ये हंगेरीचे गणिती फेयेश तोथ यांनी दाखवून दिलं की तळाचा आकार बदलला तर याहून किंचित कमी मेण लागेल. म्हणजे "मधमाशी परिपूर्ण गणित करते" हा फॉरवर्डही पूर्ण खरा नाही. तिचं काम उत्तम आहे, परिपूर्ण नाही.

गारगोटी आणि बेसाल्ट: इथे कुणीच ठरवत नाही

गारगोटी म्हणजे क्वार्ट्झ. वैनगंगेच्या रेतीत तिचेच कण भरपूर. मोकळ्या जागेत हळूहळू वाढला तर क्वार्ट्झचा स्फटिक सहा बाजूंच्या खांबासारखा होतो. स्फटिक छोटा असो की मोठा, बाजू कमी-जास्त रुंद असोत, शेजारच्या दोन पृष्ठांमधला कोन १२० अंशच राहतो. कोनांची ही शिस्त निकोलस स्टेनो यांनी १६६९ मध्ये मांडली. इथे काही वाचवायचं नसतं. आतले अणू ज्या क्रमाने रचले जातात, तो क्रम बाहेर दिसतो.

क्वार्ट्झ तुमच्या खिशातही आहे. फोन आणि घड्याळ वेळ मोजतात ते क्वार्ट्झच्या कंपनांवर, साधारणपणे सेकंदाला ३२,७६८ वेळा. ही संख्या म्हणजे २ चा १५ वा घात, त्यामुळे १५ वेळा निम्मी केली की बरोबर एक सेकंद मिळतो. पण आतला तुकडा षटकोनी नसतो, तो चिमट्यासारखा कापलेला असतो.

दगडांमधले षटकोनी खांब बघायचे तर विदर्भातच यवतमाळ जिल्ह्यात शिबला-पारडी इथे जावं लागेल. मुंबईत अंधेरीची गिल्बर्ट हिलही त्याच प्रकारची. लाव्हा थंड होताना आकसतो, तडे जातात आणि ते वरून खाली सरकत जातात. तलाव आटला की चिखलाला भेगा पडतात, तसंच काहीसं. ताण सगळीकडून सारखा असेल तर तडे साधारण १२० अंशांत मिळतात. पण नीट मोजलंत तर पाच आणि सात बाजूंचे खांबही सापडतात. हा 'अंदाजे' षटकोन.

नट, पेन्सिल आणि बांबू: इथे हात महत्त्वाचा

नट षटकोनी असतो तो मजबुतीसाठी नाही, पान्यासाठी. षटकोनी नट ६० अंश फिरवला की पुन्हा तसाच दिसतो, म्हणजे अडचणीच्या जागेतही थोडंसं फिरवून पाना काढून पुन्हा लावता येतो. चौकोनी नटला ९० अंश फिरवायला जागा लागते. अष्टकोनी केला तर ४५ अंशांत काम होईल, पण कोपरे बोथट होऊन पाना घसरेल. सहा ही मधली तडजोड आहे. पेन्सिलीचं कारण आणखी साधं: टेबलावरून गडगडत नाही आणि बोटांत नीट बसते.

बांबूच्या पट्ट्या दोन दिशांनी विणल्या तर चौकोनी भोकं पडतात. तीन दिशांनी, ६० अंशांत विणल्या तर षटकोनी भोकं पडतात आणि प्रत्येकाभोवती छोटे त्रिकोण तयार होतात. वीण सरकत नाही ती त्या त्रिकोणांमुळे.

यावरून मजबुतीची गोष्ट तपासा. सहा स्ट्रॉ दोऱ्याने ओवून षटकोन करा आणि दाबा. लगेच चपटा होतो. तीन स्ट्रॉचा त्रिकोण करा, तो हलत नाही. नुसती चौकट म्हणून षटकोन कमजोरच. पुठ्ठ्याच्या जाळीचे पॅनेल मजबूत असतात, कारण खूप सारे कप्पे एकमेकांना धरून असतात आणि वर-खाली पत्रा चिकटवलेला असतो.

मोबाईल टॉवर: कागदावरचा षटकोन

'सेल फोन'मधला सेल म्हणजे कप्पा. मोठा भाग षटकोनी कप्प्यांत वाटायचा ही कल्पना डग्लस रिंग यांनी डब्ल्यू. रे यंग यांच्या साथीने बेल लॅब्जमध्ये १९४७ च्या डिसेंबरात मांडली.

कारण तेच, कमी खर्च. आपण भंडारा जिल्हा सोयीसाठी ४,००० चौ. किमी धरू आणि एका टॉवरचा पल्ला ३ किमी मानू. वर्तुळं एकमेकांवर थोडी चढवूनच फट बुजवता येते, म्हणून प्रत्येक टॉवरच्या वाट्याला वर्तुळात मावणारी आकृती येते. त्रिकोणी वाटणी केली तर सुमारे ३४२ टॉवर लागतील, चौरस केली तर २२२, षटकोनी केली तर १७१. चौरसापेक्षा ५१ टॉवर कमी.

पण टॉवरमधून षटकोन बाहेर पडत नाही. लहरी पसरतात, टेकडीला अडतात, झाडांच्या गर्दीत कमजोर होतात, जाड मातीच्या भिंतीतून आणखी कमी आत येतात. पुढच्या वेळी टॉवरकडे मान वर करून बघा. बहुतेक वेळा अँटेनांचे तीन गट तीन दिशांना तोंड करून दिसतील, प्रत्येकाकडे १२० अंश. खरं कव्हरेज नकाशावर काढलं तर कुठे फुगलेलं, कुठे तुटलेलं, शाईच्या डागासारखं दिसतं.

कॅब आणि डिलिव्हरीच्या ॲप्समध्येही असाच कागदावरचा षटकोन असतो. उबरने २०१८ मध्ये 'एच-३' ही नकाशाची प्रणाली सगळ्यांसाठी खुली केली. तिच्यात सगळी पृथ्वी षटकोनांत वाटलेली आहे आणि १६ पातळ्या आहेत. सातव्या पातळीचा कप्पा सरासरी ५ चौ. किमीपेक्षा थोडा मोठा, नवव्या पातळीचा सुमारे २६ एकरांचा. चौरसाला आठ शेजारी असतात, चार जवळ आणि चार कोपऱ्यात लांब. षटकोनाचे सहाही शेजारी सारख्याच अंतरावर, त्यामुळे "जवळ कोण आहे" हा हिशोब सोपा होतो. पण गोल पृथ्वी नुसत्या षटकोनांनी झाकताच येत नाही, म्हणून प्रत्येक पातळीवर १२ पंचकोन घालावे लागतात. जुन्या फुटबॉलवर मोजून बघा, काळे पंचकोनही बाराच.

प्रदर्शनासाठी मॉडेल

१. कार्डशीटवर ३० × १२ सेमीची पट्टी काढा, एका टोकाला चिकटवण्यासाठी १ सेमी जास्त ठेवा.
२. दर ५ सेमीवर रेघ मारा आणि घडी घाला. सहा बाजू तयार.
३. पायासाठी कंपासमध्ये ५ सेमी अंतर घेऊन वर्तुळ काढा. तेच अंतर न बदलता परिघावर सहा खुणा करा आणि जोडा.
४. पायाच्या प्रत्येक बाजूला छोट्या पट्ट्या ठेवा, आत दुमडून चिकटवा.

मी पहिल्यांदा केलं तेव्हा झाकण बसलंच नाही. मी १० सेमी हे अंतर समोरासमोरच्या बाजूंमधलं धरलं होतं. खरं तर १० सेमी हे समोरासमोरच्या कोपऱ्यांमधलं अंतर, बाजूंमधलं फक्त ८.६६ सेमी भरतं. असे सात डबे केले की एकाभोवती सहा बरोबर बसतात, एकही फट राहत नाही.

आणि आजीच्या घरातली रेंज?

भावाला मी हेच सांगितलं: फट षटकोनात नाही, पण षटकोन फक्त कागदावर आहे. ट्रायच्या २०२४ च्या नियमांप्रमाणे मोबाईल कंपन्यांना आपल्या वेबसाइटवर कव्हरेजचा नकाशा द्यायचा आहे. सिम घेण्याआधी किंवा बदलण्याआधी तो बघा. पण तो घराबाहेरचा अंदाज आहे, आतला नाही, म्हणून त्याच गावातल्या दोघा-तिघांना त्यांच्या घरात कोणतं सिम चालतं तेही विचारा. घरात वायफाय असेल तर सेटिंग्जमध्ये वायफाय कॉलिंग सुरू करा, भिंतींची अडचण बरीच कमी होते.

भावाने प्रदर्शनाच्या पाटीवर 'सर्वात मजबूत आकार' खोडून 'इथे काय वाचतं?' असं लिहिलं. आजी मात्र अजूनही ओटीपीसाठी अंगणातच जाते.