कल्पित ग्रंथाचे शेजारी

एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) या अमेरिकन कथाकाराने ‘नेक्रोनॉमिकॉन’ हा प्राचीन अरबी ग्रंथ कल्पिला आणि आपल्या अनेक कथांतून त्याचे हवाले दिले. असा ग्रंथ कधीच अस्तित्वात नव्हता. तरीही तो प्राचीन वाटतो. तो तसा का वाटतो, हा प्रश्न वाङ्मयेतिहासाच्या अभ्यासकाला टाळता येण्याजोगा नाही. कारण ज्या साधनांनी आपण खऱ्या ग्रंथाची परंपरा सिद्ध करतो, तीच साधने येथे कल्पिताच्या सेवेला लावलेली आहेत.

१९२७ साली लव्हक्राफ्टने या ग्रंथाचा एक छोटेखानी ‘इतिहास’ लिहिला. तो त्याच्या मृत्यूनंतर, १९३८ मध्ये छापला गेला. त्यानुसार सनाचा वेडा कवी अब्दुल अलहझरेद याने आठव्या शतकात दमास्कस येथे ‘अल अझिफ’ रचला. ९५० मध्ये त्याचे ग्रीक भाषांतर झाले, १०५० मध्ये पॅट्रिआर्क मायकेलने प्रती जाळल्या, १२२८ मध्ये ओलाउस वोर्मियसने तो लॅटिनमध्ये आणला आणि १२३२ मध्ये पोप नववा ग्रेगरी याने त्यावर बंदी घातली. ग्रेगरी त्या वर्षी खरोखरच पोपपदावर होता. १०५० मध्ये कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मपीठावर मायकेल केरुलारिओस खरोखरच होता. वोर्मियसही खरा, पण हा डॅनिश वैद्य सोळाव्या-सतराव्या शतकांतला (१५८८–१६५४)! ग्रंथात काय आहे याविषयी हा ‘इतिहास’ जवळजवळ मौन पाळतो. भाषांतर, दहन, बंदी, हरवलेली मूळ प्रत हा क्रम पाठचिकित्सकाच्या इतका अंगवळणी पडलेला असतो, की मुळात संहिताच नाही हे त्याच्या ध्यानी उशिरा येते.

त्याच वर्षी लिहिलेली ‘द केस ऑफ चार्ल्स डेक्स्टर वॉर्ड’ ही कादंबरिका (संक्षिप्त रूपात प्रथम प्रसिद्धी १९४१) मला या दृष्टीने अधिक महत्त्वाची वाटते. तीत नक्षत्रविद्या आणि किमया एकत्र येतात. प्रॉव्हिडन्स नगरातला अठराव्या शतकातील किमयागार जोसेफ कर्वेन मृतांच्या अवशेषांतून काढलेल्या ‘मूलक्षारां’पासून त्यांना पुन्हा उभे करतो आणि त्यांचे ज्ञान काढून घेतो. क्रिया ग्रहस्थितीशी बांधलेली आहे. सूर्य पंचमस्थानी हवा, शनी नवपंचम योगात हवा. मंत्र दोन आहेत. एकावर चंद्राच्या आरोही पाताचे चिन्ह आहे, दुसऱ्यावर अवरोही पाताचे. पाश्चात्त्य पंचांगे यांना ड्रॅगनचे डोके व शेपूट म्हणतात. आपले राहू-केतू ते हेच. दुसरा मंत्र म्हणजे पहिल्याचीच अक्षरे उलट्या क्रमाने. पहिल्याने भुकटीचा माणूस होतो, दुसऱ्याने माणसाची भुकटी.

१७४६ मध्ये जॉन मेरिट नावाचा गृहस्थ कर्वेनची ग्रंथसंपदा पाहतो, असा एक प्रसंग या कादंबरिकेत आहे. फडताळावर हर्मीस आहे, ‘टर्बा फिलॉसॉफोरम’ आहे, गेबर आहे, रॉजर बेकन आहे. हे सगळे ग्रंथ वास्तवातले. पण त्यांची कर्तृत्वे तपासू लागलो तर पायाखालची जमीन सरकते. हर्मीस ट्रिसमेजिस्टस ही व्यक्ती इतिहासात नाही. गेबरच्या नावावर चालणारी प्रमुख लॅटिन पुस्तके अरबी जाबिरची नव्हेत. ती बहुधा तेराव्या शतकातील. किमयेच्या परंपरेत नव्या ग्रंथाला जुन्याचे नाव देणे हा अपवाद नसून रिवाजच होता. तेव्हा ‘नेक्रोनॉमिकॉन’ या रांगेत उपरा ठरत नाही. लव्हक्राफ्टने परंपरा मोडली नाही, चालवली.

मात्र या फडताळावरचा एक शेजारी वेगळा आहे. मेरिट एक देखणा खंड काढतो. त्यावर नाव असते ‘कानून-ए-इस्लाम’, आत निघतो ‘नेक्रोनॉमिकॉन’. ‘कानून-ए-इस्लाम’ हा खरा ग्रंथ. दख्खनचे रहिवासी जाफर शरीफ यांनी तो रचला आणि मद्रासकडील शल्यवैद्य जी. ए. हर्क्लॉट्स यांच्या इंग्रजी अनुवादात तो १८३२ साली लंडनला प्रसिद्ध झाला. म्हणजे मेरिटच्या हाती तो ८६ वर्षे आधीच पडला. कालविपर्यास म्हणून हे सोडून देता येईल. मला ते पुरेसे वाटत नाही. हा ग्रंथ कशाचा? दख्खनी मुसलमानांच्या घरांतील जन्मापासून मृत्यूपर्यंतच्या आचारांचा, म्हणजे नाव ठेवणे, लग्न, मोहरम, दफन यांचा. इतका घरगुती तपशील असलेल्या पुस्तकाचे केवळ नाव उचलले गेले, कारण ते परके आणि गूढ वाटते. ‘अब्दुल अलहझरेद’ या नावाचीही तीच गत आहे. अरबी उपपद त्यात दोनदा येते आणि अरबी व्याकरणात ते बसत नाही; ‘अरेबियन नाइट्स’ वाचणाऱ्या लहानग्या लव्हक्राफ्टचे ते टोपणनाव होते. एडवर्ड सैद यांनी १९७८ मध्ये ज्या पूर्वेचे विश्लेषण केले, ती याच साहित्याने बनलेली आहे. तेथे नावे लागतात, माणसे लागत नाहीत.

परिणामाची विषमताही नोंदवली पाहिजे. १९७७ मध्ये ‘सायमन’ या टोपणनावाने ‘नेक्रोनॉमिकॉन’ नावाचे पुस्तक बाजारात आले आणि ते अस्सल मानणारे वाचकही त्याला लाभले. न लिहिलेल्या ग्रंथाला अशा रीतीने संहिता मिळाली. लिहिलेल्या ग्रंथाचे काय झाले? लव्हक्राफ्टच्या कादंबरिकेपूर्वी सहाच वर्षे, १९२१ मध्ये, विल्यम क्रुक यांनी जाफर शरीफांच्या ग्रंथाची नवी आवृत्ती ऑक्सफर्डहून काढली. मजकुराची मांडणी बदलली, आणि मुखपृष्ठावर मुख्य नाव आले ‘इस्लाम इन इंडिया’. ‘कानून-ए-इस्लाम’ हे उपशीर्षक झाले.