शिमग्याचे लाकूड आणि एप्रिल फूल

महाड-पोलादपूरच्या खेड्यांत वर्षातून एकदा चोरीला चोरी म्हणत नाहीत. फाल्गुन पौर्णिमा जवळ आली की गावची पोरे रात्री होळीसाठी लाकडे पळवू लागतात. कुणाच्या परसातले ओंडके जातात, कुणाच्या कुंपणाचे खांब. सकाळी घरधनी आरडाओरडा करतो. पण होळीवर चढलेले लाकूड परत मागायचे नाही, हा कोकणातला जुना संकेत. अखेर तोही हसतो आणि संध्याकाळी नारळ घेऊन त्याच होळीपाशी उभा राहतो.

पाश्चात्त्यांकडे असाच मान १ एप्रिलला आहे. फ्रान्सच्या राजाने १५६४ मध्ये वर्षारंभ जानेवारीत नेला आणि जुन्या वर्षारंभाला चिकटून राहिलेल्यांची थट्टा होऊ लागली, अशी त्याची कथा सांगतात. परंतु १५६१ मधील एका फ्लेमिश कवितेतच, त्या दिवशी धनी आपल्या नोकराला निरर्थक कामांसाठी कसा पळवतो, याचे वर्णन आढळते. म्हणजे प्रथा त्या फर्मानाहून जुनी. इंग्लंडात दुपारी बारानंतर थट्टा करणारा स्वतःच मूर्ख ठरतो. आपल्याकडे ही रीत इंग्रजांबरोबर आली आणि १९६४ च्या ‘एप्रिल फूल’ या हिंदी चित्रपटाने तिचे नाव घरोघरी नेले.

शिमगा असो वा एप्रिल फूल, थट्टेला कालमर्यादा आहे. परंतु तेवढी पुरेशी नाही. थट्टा कोण कुणाची करतो, हाही प्रश्न आहे. मध्ययुगीन युरोपात नववर्षाच्या सुमारास कनिष्ठ धर्मसेवक ‘मूर्खांचा सण’ साजरा करून वरिष्ठांची नक्कल करीत. १४३५ मध्ये बाझेलच्या धर्मपरिषदेने त्याला मनाई केली. तेथे धाकटा थोरल्याला हसत होता. फ्लेमिश कवितेत थोरला धाकट्याला पळवीत होता. दोन्ही विनोदच, पण वजन निराळे. आपल्या कोकणातही तसेच. १९४९ च्या कायद्याने खोती गेली. त्यापूर्वी खोताच्या कुंपणाचा खांब होळीवर चढला, तर गाव मनमुराद हसू शकत असे. विधवेच्या चुलीचे सरपण नेले, तर तिच्या घरी उद्या भात शिजणार कशावर? संकेत म्हणून ती गप्प बसेल. पण ते गप्प बसणे म्हणजे हसणे नव्हे.

स्पेनमध्ये थट्टेचा दिवस २८ डिसेंबर, म्हणजे बेथलेहेमच्या निरपराध बालकांचा सण. इतक्या करुण दिवशी विनोद कसा, असे वाटेल. परंतु मत्तयकृत शुभवर्तमान पाहावे : मागी लोकांनी आपल्याला फसवले, हे कळताच हेरोद संतापला आणि त्याने बालकांची हत्या करविली. सत्ताधीशाला स्वतःचे हसे सोसवले नाही आणि त्याची किंमत तान्ह्यांनी मोजली.

म्हणून वाचकहो, शिमग्यात वा १ एप्रिलला आपल्या मुलांना थट्टेपासून रोखू नये. एवढेच शिकवावे की, ज्याला उलट थट्टा करण्याची मोकळीक आहे, त्याचीच थट्टा करावी. आणि आपल्यावर पाळी आली तर हसून घ्यावे. शिमगा गेला तरी कवित्व उरते, असे आपण म्हणतो. दुबळ्याच्या दारी उरलेले कवित्व मात्र पुढच्या शिमग्यापर्यंत बोचत राहते.